तुरपाईपुरतं धुकं

सकाळचे सव्वानऊ झाले तरी माझ्या लेकीच्या लग्नाच्या झग्याचा घेर तसाच लोंबत होता. खाली तुरपाईचा पत्ता नाही! लग्न अकराला. नोंदणी कचेरीतला साहेब एक मिनिट थांबत नाही, आणि संध्याकाळच्या विमानाने लेक नवऱ्याबरोबर सातासमुद्रापार चाललेली, तिकडच्या इस्पितळात नोकरीला. आणि आमचे बाबा, वय वर्षं एक्याऐंशी, अख्ख्या गल्लीचे शिंपी, निवांत सुईत दोरा ओवत बसलेले.

“बाबा, द्या इकडे. मशीनवर दहा मिनिटांत मारते.”

“हात लावून बघ!” बाबा म्हणाले. “माझ्या नातीचा झगा आहे तो. हातानेच होणार, आणि तिच्या अंगावर घालूनच होणार. बोलाव तिला.”

माझ्या डोक्यात तिडीकच गेली. मीसुद्धा याच दुकानात तीस वर्षं मशीन चालवतेय. साडेपाच मीटरचा घेर हाताने तुरपायचा म्हणजे सहा-सात तास. कुठून आणायचे?

लेक आली ती कानाला फोन लावून, एका पायात चप्पल. आम्ही तिला भिंगरी म्हणतो ते उगीच नाही. वर्षभरात आजोबांजवळ पाच मिनिटं टेकली असेल तर शपथ. झगा चढवता चढवता म्हणाली, “आजोबा, पटकन हं!”

तेवढ्यात वरच्या चढावरून लांबण उतरायला लागली.

लांबण म्हणजे आमच्याकडचं धुकं. वर्षातून दोन-चारदा येतं, आणि त्याच्या आत वेळ लांबते. बाहेर एक तास होतो तेवढ्यात आत सहा. शहाणी माणसं दारं-खिडक्या लावून घेतात, कारण असले जास्तीचे तास हवेत कुणाला? दाढी वाढते, दूध नासतं, पोटात कावळे ओरडतात. फोन लावावा तर पलीकडचा माणूस जांभई देत बोलतोय असं वाटतं.

मी खिडकी लावायला धावले, तर बाबांनी दारच सताड उघडलं.

“स्टूल घे, चटई घे, शिवणाची पिशवी घे, पाव आणि उकडलेली अंडी घे. चला!”

तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली.

लांबण उतारावरून हळूहळू खाली सरकत होती, आणि उताराच्या तळाशीच कचेरी. आम्ही तिच्यात शिरलो. भिंगरी स्टुलावर उभी, बाबा चटईवर, मी घेर धरून. धुक्याची मागची कड जवळ आली की बाबा ओरडायचे, “उचला!” की आमची वरात दहा पावलं पुढे. धुक्याबाहेर दारात उभ्या पाववाल्याला शिंक आली, तर ती बाहेर पडायच्या आत मी त्याला “शतंजीव” म्हणून मोकळी झाले.

पहिला तास भिंगरीने “झालं?” विचारून आमचा जीव खाल्ला. मग फोन पिशवीत टाकला. मग बाबांनी, ती चार वर्षांची असताना तिने बाहुलीच्या फ्रॉकसाठी एका गिऱ्हाइकाची पँट कशी कापली होती ते सांगितलं, आणि ती इतकी हसली की स्टूल डगमगलं. मग हळूच म्हणाली, “आजोबा, मला तिकडे करमेल का हो?”

“नाही करमलं तर ये की परत,” बाबा म्हणाले. “आपण काय दाराला कुलूप लावणार आहोत?”

तिने खाली वाकून त्यांच्या टकलावर हात ठेवला आणि बराच वेळ तसाच ठेवला.

मी घेर सरकवत होते, आणि माझी नजर अडकली. सुई अजून पोचली नव्हती तिथेही कापडावर बारीक भोकांची ओळ होती. सॅटिन मोठं चुगलखोर कापड. एकदा टोचलं की लपवत नाही. ओळ साडेपाच मीटर, सरळ, बाबांच्याच हातची. म्हणजे तुरपाई झाली होती! काल संध्याकाळी गुडघे चोळत, खिडकीत उद्याच्या लांबणीचा वारा हुंगत उभे होते, आणि मग छोटी कात्री घेऊन खोलीचं दार लावून बसले होते ते याचसाठी. म्हातारा लबाड!

“बाबा,” मी त्यांच्या कानात म्हटलं, “हे तुम्ही उसवलंत.”

“हळू बोल,” ते पुटपुटले. “एरवी बसली असती का ती माझ्यापाशी? आज जाणार ती.”

मला रडूही आलं आणि हसूही. मी घेर पुढे सरकवला.

लांबण कचेरीच्या अंगणात येऊन थांबली. पायऱ्यांवर नवरा मुलगा आम्हाला पाहून हात वर करत होता, अजून करतच होता. मनोऱ्यावरच्या घड्याळात पावणेअकरा. बाबांनी शेवटची गाठ मारली, दोरा दाताने तोडला आणि सुई टाचण्यांच्या उशीत खोचली. त्यांचा चेहरा एवढासा झाला.

पावणेअकरा म्हणजे आत अजून दीड तास. मी पिशवीतली कात्री काढली. मी मागच्या बाजूची वीतभर तुरपाई कचाकच उसवली.

“बाबा, इथे सुटलंय बघा.”

बाबांनी माझ्याकडे पाहिलं आणि सुई परत काढली. भिंगरीने मान वळवून माझ्या हातातली कात्री पाहिली, मग आजोबांकडे पाहिलं.

“आई,” ती म्हणाली, “पुढच्या बाजूलाही सुटलंय वाटतं.”