डागणाऱ्यांचं आडनाव

आमचे हे पस्तीस वर्षं पोस्टमन होते. इतकी वर्षं लोकांची आडनावं हातात घेऊन दारोदार फिरलेला माणूस निवृत्त झाल्यावर आडनावांच्याच मागे लागला. कुठलं आडनाव कशावरून पडलं, कुठला जुना शब्द झिजून त्याचं काय झालं, याच्या वह्याच्या वह्या भरल्या. इथल्या साप्ताहिकाच्या संपादकाने शेवटच्या पानावर एक चौकट दिली आणि दर शनिवारी यांचा एका आडनावावर लेख यायला लागला. लोक आवडीने वाचायचे. आमच्या आडनावाचा मूळ अर्थ 'तिरळा' निघाला, तोही यांनी बिनदिक्कत छापला. माझ्या नणंदेने त्यानंतर महिनाभर फोन केला नाही. मी म्हटलं, चला, तेवढाच कानांना आराम.

लाकडाची वखार असलेले दोघे भाऊ आमच्याच रस्त्यावर राहतात. त्यांचं आडनाव मी इथे लिहिणार नाही. त्यापायी एकदा भोगलं तेवढं पुरे. थोरला शांत, तोलूनमापून बोलणारा. धाकटा अंगाने दांडगा. वखारीतला ओंडका एकट्याने उचलायचा आणि राग आला की समोर ओंडका आहे की माणूस हे बघायचा नाही. दोघांनी शाळेला नवीन सभागृह बांधून दिलं होतं. दारावर पितळी अक्षरांत त्यांचं आडनाव लागणार होतं. उद्घाटनाच्या दोन आठवडे आधी थोरला आमच्याकडे येऊन बसला.

"काका, आमच्या आडनावाचं एकदा बघा ना. पणजोबांचे आजोबा सेनापती होते म्हणतात. उद्घाटनाच्या शनिवारी छापून आलं तर बरं दिसेल."

हे नगरपालिकेच्या दप्तरखान्यात चार दिवस जाऊन बसले. चौथ्या दिवशी आले ते हात न धुताच खुर्चीत बसून राहिले. जुन्या तुरुंगाचं एक रजिस्टर सापडलं होतं. चोरीत सापडलेल्या माणसाच्या कपाळावर तापलेली सळई टेकवायची, हे काम तुरुंगात एकाच घराण्याकडे होतं. त्या कामाला जो शब्द होता, तेच पुढे त्या घराण्याचं आडनाव झालं. तीन पिढ्या बापाच्या हातची सळई मुलाने घेतलेली. ज्यांना डागलं त्यांची यादीही होती. दोरीवरची चादर चोरली म्हणून डागलेली एक अठरा वर्षांची मुलगी होती.

हे थोरल्याला जाऊन सगळं सांगून आले. त्याने ऐकून घेतलं आणि म्हणाला, "हे छापू नका." दुसऱ्या दिवशी त्याने एक कागद पाठवला. सेनापती, लढाई, जखमा, सगळं सुवाच्य अक्षरात. खाली फक्त यांचं नाव घालायचं बाकी ठेवलं होतं.

"नाही छापलं तर काय बिघडेल?" मी विचारलं. "या आठवड्यात विश्रांती घ्या."

"विचारलं त्यांनीच ना? मग चुकीच्या पत्त्यावर पत्र टाकू?"

"अहो, पत्रच टाकू नका."

माझं ऐकतील तर हे कसले. लेख शनिवारी आला. यांनी सगळं लिहिलं होतं, त्या मुलीसकट. शेवटी एक ओळ होती की आजच्या माणसांचा यात काही दोष नाही. ती ओळ कुणी वाचली असेल असं मला वाटत नाही.

दुपारी दोनच्या सुमारास मी शाळेच्या गणवेशाच्या पँटी शिवत होते. शिवलेल्यांच्या घड्या बसवायला मशीनशेजारच्या टेबलावर इस्त्री तापत ठेवली होती. हे पेपर घेऊन जेवणाच्या टेबलाशी बसले होते. दार लोटलेलंच होतं. ते इतक्या जोरात उघडलं की कडी भिंतीवर आपटून निखळली. धाकटा आणि त्याच्या मागे वखारीतला एक हमाल. धाकट्याच्या हातात लाकडाची रीप होती.

पहिला फटका यांच्या कानावर बसला. हे खुर्चीसकट आडवे झाले. मी उठले तर हमालाने मला मशीनवर दाबून धरलं, चाक माझ्या बरगडीत रुतलं. धाकट्याने खाली वाकून पेपरचं शेवटचं पान फाडलं, त्याचा बोळा केला आणि यांच्या तोंडात कोंबला.

"छापलंस ना? आता खा."

यांच्या कानातून रक्त येत होतं. बोळा थुंकायला गेले तर त्याने बुटाने हनुवटी दाबली. दात वाजलेले मला ऐकू आले. पाठीवर, खांद्यावर, मांडीवर तो रीप चालवत राहिला. ती मधोमध मोडली तेव्हा इकडेतिकडे बघू लागला. माझी इस्त्री त्याला दिसली.

"डागणारे ना आम्ही?" असं म्हणून त्याने यांचा हात पिरगाळून जमिनीवर धरला आणि दंडावर इस्त्री टेकवली.

हे ओरडले, तसा आवाज मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. वास आला. त्या वासानेच बहुधा हमाल गडबडला; त्याचे हात ढिले पडले आणि तो दाराकडे पळाला. माझी मोठी कात्री मशीनच्या फळीवर होती. ती दोन्ही हातांनी धरून मी धाकट्याच्या मांडीत खुपसली. हाडाला लागेपर्यंत गेली. त्याने इस्त्री टाकली आणि मागे कोलमडून भिंतीला टेकून बसला. दोन्ही हात वर केले.

"काकू, बस," तो म्हणाला. "बस झालं."

मी कात्री ओढून काढली आणि त्याच पायात, गुडघ्याच्या जरा वर, पुन्हा मारली.

यांचा उजवा कान कायमचा गेला. दंडावर इस्त्रीच्या टोकाचा आकार उमटला तो आजही आहे. धाकट्याच्या गुडघ्यामागची शीर तुटली होती, पाय वाकेना. खटला उभा राहिला. त्याच्या वकिलाने उलट माझ्यावरही केस लावली. पहिल्या वाराबद्दल कुणाला काही म्हणायचं नव्हतं, सगळी भांडाभांडी दुसऱ्यावरून होती. मी सांगितलं की त्याच्या हातात इस्त्री होती. खोटं होतं ते, पण सांगितलं.

मग यांना उभं केलं. डावा कान पुढे करून हे प्रश्न ऐकत होते.

"पत्नीने दुसरा वार केला तेव्हा माझ्या अशिलाच्या हातात इस्त्री होती का?"

हे समोरच पडलेले होते. त्यांनी सगळं पाहिलं होतं. मी मनात म्हटलं, संपलं. हा माणूस आता खरं बोलणार आणि मला आत पाठवणार.

"होती," हे म्हणाले.

मी सुटले. धाकट्याला दोन वर्षांची शिक्षा झाली. थोरल्याने सभागृहाचं लांबलेलं उद्घाटन उरकून घेतलं आणि पितळी अक्षरं दारावर लागलीही. पण यांनी साक्षीच्या त्या दिवसानंतर आडनावांवर एक अक्षर लिहिलं नाही. संपादक दोनदा घरी येऊन गेला. हे त्याला म्हणाले, "आता मी लिहिलेलं कुणी खरं मानू नये." तो हसला, त्याला वाटलं नम्रतेने बोलतायत. मी स्वयंपाकघरात उभी होते, बाहेर आले नाही. यांच्या हट्टाचा मला राग होता, अजूनही आहे. आणि त्यांनी माझ्यासाठी काय केलं ते मला कळत होतं. दोन्ही एकदम सांगता येईना म्हणून मी काहीच सांगितलं नाही.

धाकटा सुटून आला त्याला आता चार महिने झाले. परवा दुकानात बटणं घ्यायला गेले तर तो समोरून आला, पाय ओढत, काठी टेकत. बाजूला व्हायला जागा नव्हती. दुकानदार आमच्याकडे बघत राहिला. धाकटा केवढा वाळलाय. माझ्यासमोर थांबला आणि हळू आवाजात म्हणाला, "काकू, इस्त्री मी टाकली होती."

"हो," मी म्हटलं. "मला माहीत आहे. यांनाही."

त्याने मान हलवली. मला वाटलं आता शिवी देईल, काठी उगारेल, आणि उगारली असती तर मी हललेही नसते. पण तो काठी सावरत माझ्या बाजूने निघून गेला.

घरी येऊन मी यांच्या डाव्या बाजूला खुर्ची ओढली आणि दुकानात काय झालं ते सगळं सांगितलं.