बिनतिखटाची वाटी

सहदेव राणे मालवाहू बोटीवर भंडारी होता. खलाशांसाठी रांधायचं काम त्याचं. वर्षातला बराचसा काळ समुद्रावर जायचा आणि सुट्टी घाटकोपरच्या चाळीत, बायकोजवळ. घरी असताना तो शेगडीकडे फिरकत नसे. "वर्षभर डाव हातात असतो माझ्या. आता तू वाढ, मी खातो," असं म्हणायचा, आणि रुक्मिणीला ते आवडायचं.

म्हणून पंचावन्न सालच्या दिवाळीनंतर तो एका रविवारी सकाळी कोंबडी घेऊन आला आणि "आज मी करतो" म्हणाला, तेव्हा तिला नवल वाटलं. या खेपेला आल्यापासून तो गप्पच होता. अर्धपोटी उठायचा, विचारलं तर हो-नाही एवढंच बोलायचा. त्याला काहीतरी करावंसं वाटतंय हे बघून ती खुशीनं बाजूला झाली. शेगडी पेटवून दिली आणि आलं किसायला घेतलं.

"वाटप कसलं करू?"

"वाटप नाही लागत. साखर दे."

"कोंबडीत साखर?"

"तिकडे पूर्वेच्या बंदरात करतात. बघ तू."

त्यानं पातेल्यात नुसती साखर टाकली. ती विरघळली, पिवळी झाली, मग तांबूस. रुक्मिणीनं सांडशी उचलली. "जळली हो."

"थांब गो. अजून थोडी. कडू होण्याच्या जरा अलीकडे थांबायचं असतं."

साखर काळपट तांबडी झाली तसं त्यानं नारळाचं पाणी ओतलं. पातेलं फुसफुसून उठलं. त्यात कोंबडीचे तुकडे, आलं, लसूण, मिरी आणि ट्रंकेतून काढलेल्या बाटलीतलं माशांचं खारं पाणी पडलं. खोलीभर सुक्या मासळीचा वास सुटला. "हा तर आमच्या देवगडचा वास," रुक्मिणी म्हणाली, आणि तोही हसला. आल्यापासून पहिल्यांदाच.

रस आटला, तुकड्यांना चकाकी आली. सहदेवनं मिरच्या चिरून ठेवल्या होत्या, पण त्या घालायच्या आधी त्यानं एक लहान वाटी घेतली. दोन मऊ तुकडे काढले, बोटांनी हाड सोडवलं, मांस बारीक केलं, त्यात भात कालवला आणि फुंकर मारून वाटी निवायला बाजूला ठेवली. मग मिरच्या पातेल्यात टाकल्या. हे सगळं त्याच्या हातांनी आपसूक केलं.

"ही कोणासाठी?" तिनं सहज विचारलं. "शेजारच्या मालनच्या पोराला द्यायची?"

हो म्हणाला असता तर विषय तिथंच संपला असता. पण त्यानं वाटीकडे पाहिलं आणि भिंतीला टेकून खालीच बसला.

"काय झालं?"

"सायगॉनला," तो म्हणाला, "बंदराजवळ एक बाई खानावळ चालवायची. मुलगी आहे तिला. चार वर्षांची."

रुक्मिणीच्या हातात सांडशी तशीच राहिली. "तुमची?"

"माझी."

पातेलं तळाला लागायला आलं होतं. तिनं उठून ते खाली उतरवलं, झाकण ठेवलं, पदराला हात पुसले. मग म्हणाली, "बाई चालवायची म्हणता. आणि पोर आहे म्हणता. आहेत की नाहीत?"

"ठाऊक नाही. उन्हाळ्यात तिथं लढाई झाली. वस्ती जळाली. आमची बोट मागाहून लागली. मी धावत गेलो, तर घर कुठं होतं तेच कळेना. दिसेल त्याला विचारलं. माझी भाषा तोडकी. मग बोट सुटायची वेळ झाली."

रुक्मिणीनं शेगडीतले निखारे राखेनं झाकले. शेवटी तिनं विचारलं, "नाव काय तिचं?"

"तिची आई 'माय' अशी हाक मारायची तिला."

"आणि तुम्ही?"

तो मान खाली घालून बसला. "शेवंती."

ते नाव सहदेव आणि रुक्मिणीनं मिळून ठरवलेलं होतं. त्यांना झालेली मुलगी बारशाआधीच गेली होती आणि नाव तसंच राहिलं होतं. पुढं रुक्मिणीची कूस उजवली नाही.

"त्या बाईबद्दल मी तुम्हाला बोलेन," ती म्हणाली. "कधीतरी बोलेनच. पण ते नाव माझं होतं हो."

डोकं दुखतंय असं सांगून ती संध्याकाळपर्यंत मालनकडे पडून राहिली. दुसऱ्या दिवशी मालाडला भावाकडे जावं म्हणून तिनं लुगडी बांधली, आणि तिथं काय सांगायचं हे न सुचून परत सोडली. एका खोलीत दोघं परक्यांसारखी वावरत राहिली. नवऱ्यावरचा आपला राग तिला समजत होता. पण भांडी घासताना मध्येच धुरातून धावणारी चार वर्षांची पोर तिच्या डोळ्यांपुढे यायची आणि हात थांबायचे. तिच्यासाठीही आपल्यालाच रडावं लागतंय, याचा तिला सगळ्यात जास्त संताप यायचा.

सुट्टी संपत आली तेव्हा ती म्हणाली, "तिकडे जाणारी बोट बघा. शोधा त्यांना."

"आणि सापडल्या तर?"

"ते मग बघू. पण न शोधता माझ्यासमोर असे बसू नका. मला बघवत नाही."

तो गेला, आणि पुढच्या पावसाळ्याअखेर एकटाच परतला. बंदरावर एक म्हातारा म्हणाला होता की खानावळवाली पोरीला घेऊन नदीच्या वरच्या अंगाला गेली. दुसरा म्हणाला, त्या गल्लीतलं कोणीच वाचलं नाही. सहदेवनं बोट सोडली आणि कुर्ल्याच्या एका गिरणीच्या कँटीनमध्ये नोकरी धरली. दोघं संसार करत होती. ती त्याचा डबा भरायची, तो पगार तिच्या हातात द्यायचा. त्या बाईबद्दल बोलायचं राहून गेलं ते गेलंच.

त्याच्या पुढच्या वर्षी सर्वपित्री अमावस्येला रुक्मिणीनं सासू-सासऱ्यांच्या नावानं पानं वाढली. सहदेव दाराशी उभा होता.

"एक पान आणखी वाढ," तो हळू म्हणाला.

"कोणाचं?"

"शेवंतीचं."

त्या रविवारनंतर ते नाव घरात कोणी उच्चारलं नव्हतं. रुक्मिणीनं त्याच्याकडे वळून पाहिलं.

"ती मेली असं कोणी सांगितलं तुम्हाला?"

"रुक्मिणी, एवढे दिवस झाले."

"मी विचारते, कोणी सांगितलं?"

"कोणी नाही."

"मग जिवंत पोरीच्या नावानं पान वाढत नाहीत," ती म्हणाली. "पुन्हा असं बोलू नका माझ्या घरात."

तो उंबऱ्यावर बसला आणि तोंड न झाकता रडू लागला. ती त्याच्याजवळ गेली नाही, गप्प राहा असंही म्हणाली नाही. वाढलेली पानं दोन्ही हातांवर घेऊन ती त्याच्या बाजूनं बाहेर पडली आणि चाळीमागच्या भिंतीपाशी कावळ्यांची वाट बघत उन्हात उभी राहिली.