नजरेचं आमंत्रण

मुलगा राजस नोकरीसाठी दूर किचनर शहरात गेल्यापासून गौरांगी व्हँकुव्हरमधल्या एका घराच्या बेसमेंटमध्ये एकटीच राहत होती आणि जुन्या चित्रपटांवरची धूळ पुसत होती. म्हणजे फडक्यानं नव्हे. रिळांवरून कॉम्प्युटरवर उतरवलेली चित्रं एकेक करून न्याहाळायची, ओरखडा, डाग, केस दिसला की मिटवायचा, असं ते घरबसल्याचं काम. डोळ्यांची वाट लावणारं, पण दिवस खाऊन टाकणारं, आणि तिला तेच हवं होतं.

या खेपेला आला होता सत्तरेक वर्षांपूर्वीचा एक स्पॅनिश संगीतपट. कथा नावाला, बाकी सगळा टँगो. पण त्यातल्या नाचघराची एक रीत तिला फार आवडली. तिथं कुणी कुणाजवळ जाऊन ‘नाचणार का’ असं विचारत नाही. पुरुष लांबूनच बाईकडे बघत राहतो. तिनं नजर न वळवता मान हलवली की ठरलं, मग तो उठून तिच्यापर्यंत येतो. नाही हलवली, तर कुणाची शोभा होत नाही. आपल्याला असं नीट बघणारं आता कुणी उरलेलं नाही, हे गौरांगीला ते दृश्य साफ करताना फार लागलं.

तिथंच तिला तो दिसला. मागच्या टेबलावर, खांबाशेजारी, काळ्या सुटातला एक उतरल्या चेहऱ्याचा माणूस. बाकीचे सगळे नाचणाऱ्यांकडे बघत होते. तो सरळ कॅमेऱ्याकडे.

“एक एक्स्ट्रा कॅमेऱ्यात बघतोय गं,” तिनं बरोबर काम करणाऱ्या कृतिकाला फोनवर सांगितलं.

“अगं, बघतातच ते. इग्नोर कर. आणि जरा बाहेर पड, सारखी बेसमेंटमध्ये काय बसतेस? ये ना एकदा आमच्याकडे.”

“येईन,” गौरांगी म्हणाली. कधी, ते कृतिकानं विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी तिनं चित्रपट पहिल्यापासून लावला. सुरुवातीलाच नायिका रेल्वेच्या फलाटावर रडत उभी होती, आणि तिच्यामागच्या गर्दीत तो होता, तसाच समोर बघत. हे दृश्य गौरांगीनं गेल्याच आठवड्यात साफ केलं होतं. तेव्हा तो तिथं नव्हता.

भीती वाटायला हवी होती. वाटलीही, पण त्या भीतीआधी दुसरंच काही वाटून गेलं, आणि ते स्वतःशी कबूल करायचीही तिला लाज वाटली. कुणीतरी आपल्याला शोधत होतं. तिनं केस सारखे केले, नाचघराचं दृश्य लावलं आणि भर दुपारी, त्या रिकाम्या खोलीत, मान हलवली.

तो उठला.

कोट नीट करत, नाचणाऱ्या जोडप्यांतून वाट काढत, कुणाला धक्का न लावता तो पुढे येऊ लागला. चेहरा मोठा होत होत पडदाभर झाला. गौरांगी खुर्चीतून उठली, तिनं हात पुढे केला, आणि तेव्हा कुठे तिला त्याचे डोळे नीट दिसले. ते तिच्याकडे बघतच नव्हते. तिच्या खांद्यावरून मागे बघत होते.

तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. हात तिनं हळूच मागे घेतला.

पाठीमागे, भिंतीपाशी, खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. मग उंच टाचांची पावलं सावकाश तिच्याकडे येऊ लागली, आणि गौरांगीनं मागे न बघता, अंग चोरून, त्यांना वाट दिली.