आपल्या कारखान्याची गोळी

दर रविवारी चर्चमधून आल्यावर नेडीन हॉस्टेटर स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून नवऱ्याच्या आठवड्याच्या गोळ्या भरायची. चौदा खणांची प्लास्टिकची डबी, झाकणांवर वारांची अक्षरं, प्रत्येक वाराला दोन खण. भरता भरता ती गुणगुणायची. चाल तिच्या आईच्या गोधडीच्या गाण्याची, शब्द मात्र तिचे स्वतःचे:

सकाळची गं गोळी, उन्हाच्या पावलाची,
सांजेची गं गोळी, दिव्याच्या सावलीची.

फिकट निळी, गोल, मधोमध केसासारखी रेघ. ऑर्व्हिलच्या हृदयाचा ठेका ताळ्यावर ठेवणारी गोळी. चार वर्षांपूर्वी तो ठेका सुटला होता आणि सत्तरी ओलांडलेला हा धिप्पाड माणूस अंगणातल्या पानांच्या ढिगात, हातात दाताळं घेऊन, तसाच बसला होता. तेव्हा डॉक्टरीणबाईंनी दोघांनाही समोर बसवून बजावलं होतं. एकही गोळी चुकवायची नाही. ठेका सुटला की रक्त साचतं, साचलं की गुठळी होते, आणि गुठळी निघाली की मेंदूचा रस्ता धरते.

पण घरात त्या गोळीला कोणी औषध म्हणत नसे. ती ‘आपली गोळी’. नदीकाठच्या कारखान्यात ऑर्व्हिलने तेहतीस वर्षं तीच गोळी यंत्रावर दाबून बनवली होती, त्यातली शेवटची अकरा वर्षं पाळीचा फोरमन म्हणून. कारखाना बंद पडून आता नऊ वर्षं झाली होती. गोळी दुसऱ्या राज्यात बनत होती, पण यंत्रांचे साचे इथूनच उचलून नेले होते. “साचे आपले, म्हणजे गोळी आपली,” असं तो म्हणायचा, आणि त्यावर वाद घालायची कोणाची छाती नव्हती.

सप्टेंबरच्या शेवटी मेडिकेअरच्या, म्हणजे म्हाताऱ्यांच्या सरकारी, औषध-विम्याचं जाड पाकीट आलं. आतल्या तिसऱ्या पानावर लिहिलं होतं की जानेवारीपासून ही गोळी विम्याच्या यादीत नाही. तिच्या जागी तेच औषध, जेनेरिक, महिन्याला सात डॉलर. आपलीच गोळी हवी असेल तर सगळी किंमत पदरची, म्हणजे महिन्याला चारशेच्या वर.

ऑर्व्हिलने चष्मा काढला, पुसला, परत घातला, परत वाचलं.

“नाव नाही, गाव नाही, आणि म्हणे तोंडात घाला,” तो म्हणाला, आणि ते पान त्याने फ्रीजवर चुंबकाखाली लावून टाकलं. त्यानंतर त्या विषयावर अक्षर काढलं नाही. नेडीनला वाटलं, चला, पचवलं म्हणायचं.

नोव्हेंबर लागला. तळघरातून कपड्यांची टोपली वर आणताना ऑर्व्हिल मधल्या पायरीवर थांबू लागला. “गुडघा,” असं म्हणायचा, पण बोटं मनगटावर असायची. जेवताना काटा हातातून सुटायचा. एकदा तर त्याने कॉफीत मीठ घातलं आणि ते तसंच पिऊन टाकलं.  डबी मात्र रोज रिकामी होत होती. तिने रोज पाहिलं होतं.

थँक्सगिव्हिंगच्या आदल्या आठवड्यातल्या मंगळवारी तिला दारावरचा हार टांगायला आकडा हवा होता, म्हणून ती गॅरेजमध्ये गेली. ऑर्व्हिलच्या कामाच्या बाकावरच्या फळीला खालून बेबीफूडच्या बाटल्यांची झाकणं ठोकलेली होती. बाटली फिरवली की हातात यायची. खिळे, स्क्रू, वॉशर. मुलगी लहान असतानाच्या बाटल्या, आता मुलगीच पन्नाशीला आलेली. नेडीनने कोपऱ्यातली एक बाटली फिरवली आणि उन्हाकडे धरली.

आत फिकट निळ्या अर्ध्या चकत्या होत्या. सुरीने तोडलेल्या नव्हेत. पात्याने, मधल्या रेघेवर, एकही कण न सांडता कापलेल्या. असं कापणारा हात जगात एकच होता.

ती बाटली घेऊन नेडीन आत आली आणि तो वाचत असलेल्या पेपरवर ठेवली.

“हे काय आहे, ऑर्व्हिल?”

त्याने बाटलीकडे पाहिलं, मग तिच्याकडे. “आकडा डावीकडच्या बाटलीत होता.”

“मस्करी नको. किती दिवस अर्धी घेतोयस?”

“पत्र आलं तेव्हापासून.”

“दोन महिने?”

“दोन महिन्यांच्या अर्ध्या म्हणजे एका महिन्याच्या पूर्ण. जानेवारी निघेल. फेब्रुवारीत अर्ध्यावर पुन्हा...”

“आणि मार्चमध्ये? मार्चमध्ये मी तुला कुठे शोधू, टेकडीवरच्या दफनभूमीत?”

“ओरडू नकोस. रेघ आहे ना तिच्यावर. अर्धी करता यावी म्हणूनच रेघ असते. ती रेघ मीच दाबत होतो.”

“तू रेघ दाबत होतास, बाबा. किती घ्यायची ते डॉक्टरीणबाई सांगतात.”

“मी ती दुसरी घेणार नाही, नेडीन.”

हे तो हळू म्हणाला. ऑर्व्हिल जोरात बोलला की पुढे मत बदलायचा. हळू बोलला की दगड.

दुसऱ्या दिवशी ती वाचनालयाच्या तळमजल्यावर गेली. विमा बदलायची मुदत सात डिसेंबरपर्यंत असायची, तोवर तिथे टेबलं मांडून गावातली निवृत्त माणसं लोकांच्या योजना फुकट तपासून देत. नेडीनच्या वाट्याला विल्मा फाउट्स आली, शाळेची जुनी ग्रंथपाल. चष्मा साखळीला, बोट पडद्यावर.

“कुठली गोळी?”

नेडीनने नाव सांगितलं. विल्माचं बोट थबकलं. “आपली?”

“आपली.”

“बस, बाई. कॉफी घे आधी.”

विल्माने गावाला लागू असलेल्या सगळ्या योजना चाळल्या. दोन योजनांत आपली गोळी होती, पण तिथे हप्ताच इतका की चारशे बरे वाटावेत. बाकीच्यांत नव्हतीच.

“अपवाद मागता येतो,” विल्मा म्हणाली. “डॉक्टरने लिहून द्यावं लागतं, की जेनेरिक घेऊन पाहिली आणि मानवली नाही. घेऊन पाहिलीय का त्याने?”

“त्याने? तो बाटलीकडे बघणारसुद्धा नाही.”

“मग काय लिहिणार ती बिचारी? की पेशंटला राग येतो?”

दोघी हसल्या, आणि हसता हसता नेडीनचे डोळे भरले. विल्माने कागदी रुमाल पुढे सरकवला आणि दुसरीकडे पाहिलं. गावात अशा वेळी दुसरीकडेच पाहतात.

नेडीन तिथून तडक दवाखान्यात गेली. डॉक्टरीणबाई तिच्यावर रागावल्या नाहीत, हेच तिला जास्त भीतीदायक वाटलं. आज रात्रीपासून पूर्ण गोळी, त्या म्हणाल्या. शुक्रवारी हृदयाची पट्टी, म्हणजे ईसीजी, काढायला घेऊन या. आणि जेनेरिकची चिठ्ठी दिली. नवीन गोळी सुरू केली की पंधरा दिवसांनी पुन्हा पट्टी काढू, म्हणजे कोणी कोणाच्या शब्दावर विसंबायला नको.

संध्याकाळी चारच्या सुमारास तिने औषधाच्या दुकानातून आणलेली नवी बाटली टेबलावर ठेवली. आतल्या गोळ्या पांढऱ्या होत्या. रेघ होती, पण जरा आखूड. लेबलवर बारीक अक्षरांत लिहिलं होतं: भारतात बनवलेली.

ऑर्व्हिलने लेबल वाचलं.  मग उठला, तिला वाटलं निघाला आता गॅरेजमध्ये. पण त्याने गॅसवर पाणी ठेवलं.

“मांस शिजवायचा थर्मामीटर कुठे आहे?”

“कशाला?”

“कारखान्यात जे करायचो ते करतो. नापास झाली तर परत नाव काढायचं नाहीस.”

“आणि पास झाली तर?”

तो स्वतःच ड्रॉवर उघडून थर्मामीटर शोधू लागला.

अंगाच्या उष्णतेइतकं पाणी त्याने दोन काचेच्या ग्लासांत घेतलं. चहाच्या दोन गाळण्या घेतल्या. एकीत निळी, एकीत पांढरी. कारखान्यात हे काम यंत्र करायचं, गोळ्यांची टोपली पाण्यात वर-खाली, मिनिटाला तीस वेळा, पोटात ढवळतं तसं. इथे त्याचे दोन हात होते. नेडीनला घड्याळ धरायला सांगून तो उभा राहिला आणि दोन्ही गाळण्या एका तालात वर-खाली करू लागला.

पहिल्या मिनिटाला काहीच झालं नाही. दुसऱ्याला निळीचा रंग पाण्यात उतरला. चौथ्याला त्याचा श्वास लागला.

“बस कर, मी करते.”

“ताल चुकेल तुझा.”

“तुझा चुकलाय म्हणून तर हे सगळं!”

त्याने तिच्याकडे पाहिलं, तिला घड्याळ खिडकीत ठेवायला लावलं, आणि एक गाळणी तिच्या हातात दिली. मग ते दोघे खिडकीपाशी उभे राहिले, बाहेर ऊन उतरत चाललेलं, आणि त्या दोन गाळण्या एका तालात, एका तालात. तिला लग्नानंतरचे, शेतकरी मंडळाच्या ग्रेंज हॉलमधले नाच आठवले. तेव्हाही तो असाच ओठ हलवून मोजायचा.

पांढरी सहा मिनिटं वीस सेकंदांत विरघळली. निळीला सात लागली.

ऑर्व्हिलने एक पांढरी गोळी नखांनी तोडली. कट् असा स्वच्छ आवाज आला. तुटलेली कड त्याने उजेडात धरली. मग दहा पांढऱ्या गोळ्या एका रिकाम्या बाटलीत घालून खळखळ हलवल्या आणि काळ्या कागदावर ओतल्या. भुकटी जवळजवळ नव्हतीच. कागदावर बोट फिरवून तो खुर्चीत बसला.

“कड चांगली आहे,” तो म्हणाला. “दाब अगदी नेमका. जो कोणी त्या यंत्रावर आहे, त्याला काम येतं.”

“मग?”

“मग काही नाही.” त्याच्या हाताला पांढरं लागलं होतं, ते तो पँटला पुसत राहिला. “नेडीन, ती वाईट निघावी असं मला वाटत होतं. देवाशपथ. ती भुकटी व्हावी असं वाटत होतं.”

ती त्याच्यासमोर बसली.

“शेवटच्या दिवशी मॅनेजर यंत्राशी आला. हात मिळवला. म्हणाला, हॉस्टेटर, तुमच्यासारखी गोळी दुसऱ्या कोणाला जमणार नाही. बाकी काय दिलं त्यांनी? केकचा एक तुकडा आणि ते वाक्य. नऊ वर्षं मी त्या वाक्यावर जगलो.” तो थांबला. “आता ही जमली कोणालातरी. मग आपलं गाव बंद कशासाठी पडलं?”

  नेडीनने त्याचा पांढरा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला.

“गाव मला उघडता येणार नाही,” ती म्हणाली. “पण तू मला हवा आहेस. निळा, पांढरा, कसाही.”

तो हसला नाही, पण हात काढून घेतला नाही. मग म्हणाला, “अजून एक आहे.”

“काय?”

“क्लाइडलाही तेच पत्र आलंय. आमच्या जुन्या पाळीच्या गुरुवारच्या न्याहारीला त्याने विचारलं, तू काय करणार? मी सांगितलं, अर्धी कर आणि साठव. कशी कापायची तेही दाखवलं. तिथेच, रुमालावर.” मोकळ्या हाताने त्याने काळा कागद दूर सारला. “त्याचं हृदय माझ्याहून वाईट आहे.”

क्लाइड बाउझर ऑर्व्हिलच्या पाळीवर एकवीस वर्षं होता. फोरमनने सांगितलेलं त्याने कधी तपासून पाहिलं नव्हतं. तशी गरजच पडली नव्हती.

नेडीन उठली. डबीतला बुधवारचा संध्याकाळचा खण उघडला, निळी गोळी त्याच्या तळहातावर ठेवली, पूर्ण, आणि पाण्याचा ग्लास. त्याने ती घेतली. त्याने गिळेपर्यंत ती त्याच्या गळ्याकडे पाहत राहिली. मग भिंतीवरच्या फोनचा रिसीव्हर काढून तिने त्याच्यासमोर धरला.

“उद्या सांगतो. समोरासमोर.”

“आता त्याची संध्याकाळची वेळ आहे, ऑर्व्हिल.”

त्याने नंबर फिरवला. पलीकडचा आवाज इतका मोठा की नेडीनला टेबलापर्यंत ऐकू येत होता.

“काय रे म्हाताऱ्या, या वेळी फोन? कोण मेलं?”

“अजून कोणी नाही. म्हणूनच केलाय.”

“म्हणजे?”

“आजची घेतलीस?”

“घेतोय. अर्धी कापून ठेवलीय समोर. बघशील तर खूष होशील, तुझ्यापेक्षा सरळ.”

ऑर्व्हिलने डोळे मिटले. “दोन्ही अर्ध्या घे.”

“काय?”

“दोन्ही घे, क्लाइड. आत्ता. आणि उद्या डॉक्टरला फोन कर, त्याला सांग मी काय सांगितलं होतं ते. मी चुकीचं सांगितलं. आजपासून पूर्ण घ्यायची.”

“अरे, मग डिसेंबरात संपतील!”

“संपू देत. मग ती दुसरी घे. पांढरी.”

 क्लाइड म्हणाला, “कोण बोलतंय हे? ऑर्व्हिलला दे बरं फोन.”

“मीच आहे. मी तपासली ती. पाण्यात, गाळणीत, भुकटीसाठी हलवून, सगळं केलं. नेडीनने घड्याळ धरलं होतं.”

“आणि?”

“पास आहे. ती सुरू केली की पंधरा दिवसांनी डॉक्टर माझी पट्टीही काढणार आहेत. तूही काढून घे.”

“पास म्हणजे चालेल अशी?” क्लाइडचा आवाज आता लहान झाला होता. “की आपल्यासारखी?”

ऑर्व्हिलने रिसीव्हर या कानावरून त्या कानावर घेतला. नेडीनने त्याच्याकडे पाहिलं नाही. ती ग्लास धुऊ लागली, आणि नळ मात्र तिने अगदी बारीक सोडला.

“आपल्यासारखी,” तो म्हणाला.

 ऑर्व्हिलने फोन ठेवला नाही. मग पलीकडे पाण्याचा घोट घेतल्याचा आवाज आला, आणि थोड्या वेळाने आणखी एक.