नकाशाला घातलेली चुणी

शाहूपुरीत गुळाच्या अडतीवर एक खोली होती. खाली ढेपांवर गांधीलमाश्या घोंगावायच्या आणि वर मौलाली वेळेचे नकाशे काढत बसायचा.

आधी तो सरकारी मोजणीत साखळी ओढायला होता. एकदा त्यानं एकच रस्ता मोजला आणि कागदावर दोन आकडे लिहिले. बाजाराला जाताना सव्वा तास, येताना पाऊण. साहेब खवळले.

"रस्ता एक आणि आकडे दोन?"

"रस्ता एकच हाय सायेब. पर जाताना बाईच्या डोक्यावर भाजीची पाटी हुती की."

त्या दिवशी त्यानं साखळी जमा केली ती कायमची. मग चालकाठी बनवली. काठीच्या टोकाला लहान चाक, चाकात जुन्या घड्याळाची दातेरी चक्रं. माणूस जसा चालेल तशी ती टिकटिकायची, आणि मौलाली मांजरपाटावर मैल नाही, वेळ आखायचा. दाढ दुखणाऱ्या माणसाचा राजारामपुरीचा नकाशा त्यानं काढला, तर दाताचा दवाखाना पार पन्हाळ्यापलीकडं गेला! लोक हसायचे, पण बोट फिरवून बघायचे आणि म्हणायचे, "खरं हाय की रं लेका."

वेळ कापडावर उतरते, तर कापडासारखी दुमडेल का? या प्रश्नापायी तो जेवायचं विसरायचा. एकदा त्यानं घरच्या जिन्याच्या नकाशाला घडी घातली, तर गार झालेला चहा पुन्हा वाफाळला. त्याची बायको अमीरबी कपाकडं बघतच राहिली.

"पिऊ का नगो?"

"पी की. आत्ताचाच हाय."

चौऱ्याहत्तरच्या उन्हाळ्यात गडहिंग्लजची बयाबाई तो जिना चढून आली. चाळिशीची, काटक, बोलायला फटकळ.

"तुमी येळ वळिवता म्हनं, भाऊ."

"कुनी सांगितलं?"

"खालच्या गुळवाल्यानं. येडा हाय पर गुणाचा हाय, म्हनला."

मग ती टेकली आणि सांगू लागली. बावीस वर्षांमागं नेसरीहून, तिच्या माहेराहून, सांगावा आला होता: आई जातीया, लवकर ये. सासूनं पायलीभर जोंधळं पुढ्यात ओतलं. दळ आणि मग जा. दोन तास जातं ओढून ती उठली, पाच तास धावत चालत गेली. दारात पोचली तर बायका म्हणाल्या, आत्ताच गेली गं. शेवटापर्यंत विचारत हुती, बया आली का, बया आली का.

"मला निस्तं 'आलो' म्हनायचं हाय. दुसरं काय बी नगं."

मौलाली सरसावून बसला. "वाट किती लांब?"

"वड्यापतूर चाळीस ओव्या. पांदीत साठ. फुडं माळ लागतो, तितं मोजल्या न्हाईत."

"मग आता मोजूया की."

तीन दुपारी बयाबाई त्या खोलीत चालली. या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत, हातात चालकाठी, तोंडात ओव्या. चालकाठी टिकटिकली, कापडावर वाट उमटली. वाटेच्या अलीकडं दळणाचे दोन तास हातभर पसरले होते. मौलालीनं सरळ कात्री उचलली.

"अवो, थांबा!" अमीरबीनं त्याचा हात धरला. "तोडताय काय? त्या दळनात हिनं आईच्या नावानं गळा काढला आसंल. त्ये कुटं टाकायचं? पोरीचा झगा लांब झाला तर कापतो व्हय आपण? चुणी घालतो."

तिनंच चुणी घातली. दोन तास कापडाखाली गेले, पण गेले नाहीत.

बयाबाईनं गडहिंग्लजवर बोट ठेवलं, डोळे मिटले आणि गायला लागली.

माहेराची वाट, पाय धावती वाऱ्यावाणी
सासराची वाट, डोळां दाटतं गं पाणी

बोट चुणीवरून उडी मारून पुढं गेलं. ओढा आला, पांद आली. खोलीत बसल्याजागी तिच्या पावलांवर तांबडी धूळ चढत गेली. माळ संपला. नेसरीवर बोट थांबलं.

"आलो, आई."

मग तिचे दोन्ही हात कापडावरून उठले आणि हवेत हळूहळू काही उलगडू लागले. मौलालीला कळेना. अमीरबीनं मात्र ओठांवर बोट ठेवून त्याला गप्प केलं.

बऱ्याच वेळानं बयाबाईनं डोळे उघडले.

"भेटली?" मौलालीनं विचारलं.

"भेटली. शिव्या दिल्या." ती हसत होती आणि डोळे वाहत होते. "म्हनली, किती उशीर बये! केसांचा बघ गुत्ताडा झालाय, आता समदं गाव बघाया येनार. विंचर आधी."

"आन तुमचं 'आलो'?"

"त्ये तिनं ऐकलंच न्हाय. बावीस वर्सं मला वाटलं, माझ्यासाठनं डोळं लावून बसली आसंल. तिला वेणी पायजे हुती, भाऊ! दुसऱ्या कुनाला हात लावू दिना."

मौलालीनं पेन्सिल घेतली. "किती येळ मिळाला तितं?"

"येक वेणी."

त्यानं नेसरीपाशी तसंच लिहिलं.

तेवढ्यात अमीरबीचं लक्ष बयाबाईच्या पदराकडं गेलं. काठाजवळची एक पट्टी ताजी फाडलेली होती.

"वेणीला आगवळ सापडना," बयाबाई म्हणाली. "कशानं तरी बांधाया नगं?"

अमीरबी सुईदोरा आणायला उठली.

"ऱ्हाऊ द्या, वैनी. यस्टीची येळ झाली."

तिनं फाटकी बाजू पुढं घेऊन डोक्यावर पदर ओढला, आणि जिना उतरली.