फाटलेल्या कडेची सतरंजी

मित्रांनो, मी एका शाळेची जुनी सतरंजी आहे. माझी पुढची कड फाटली आहे, पण तिच्याकडे बघून कुणी हळहळू नये. ती कशानं फाटली, ते आधी ऐका.

जळगाव जामोदच्या बाजारातून मला सातपुड्याच्या पायथ्याच्या या शाळेत आणलं, तेव्हा माझ्या लाल-निळ्या पट्ट्यांवर डोळा ठरत नसे. दुपारी इथल्या शिक्षिका अन्नपूर्णाबाई खुर्ची ओढून गोष्टीचं पुस्तक उघडत. पुस्तकातली भाषा लहानग्यांना अडली की त्याच ओळी वऱ्हाडीत सांगत. मध्येच एखाद्या शब्दाखाली बोट ठेवून थांबत आणि तो शब्द मुलं म्हणत. गोष्ट रंगली की मुलं बसल्या बसल्या पुढे सरकत. बाईंच्या पायांपर्यंत पोचत. माझी कड झिजली ती अशी. मला तिचा अभिमान आहे.

त्या मुलांमधली वंदना पुढे याच शाळेत शिक्षिका झाली. तीही तसंच वाचू लागली. तिच्या वर्गात तिसरीतली अश्विनी होती. तिला अक्षरं जुळत नसत, म्हणून ती माझ्या शेवटच्या पट्ट्यावर बसे. पण हरवलेल्या करडाची गोष्ट सुरू झाली आणि पोरगी रोज वीतभर पुढे येऊ लागली. करडू अस्वलाच्या गुहेपाशी पोचलं, तोवर अश्विनी माझ्या कडेला पोचली होती.

आणि नेमकं तेव्हाच मुख्याध्यापक गुलाबराव दारात आले. “तुमी वाचता अन् पोट्टे आयकतात. मंग पोट्टे वाचतीन कवा?”

पुस्तक कपाटात गेलं, कपाटाला कुलूप लागलं. बाकं आली. गुलाबराव एकेका मुलाला उभं करून वाचायला लावू लागले आणि मोबाईलवर त्याचा व्हिडिओ काढू लागले. अश्विनीच्या तोंडून शब्द फुटला नाही. तिला मागच्या बाकावर बसवलं. माझी घडी कपाटावर गेली. मला विचारा, कानावर गोष्टच पडली नाही तर मूल पुस्तक उघडेल कशासाठी?

मग एके दिवशी वाचनावर भाषण द्यायला पाहुणे आले, म्हणून मला खाली काढलं. भाषण लांबलं. पुस्तक मात्र कुणी उघडलं नाही, आणि एकही मूल पुढे सरकलं नाही. शेवटी पाहुण्यांनी काही विचारायचं आहे का म्हटलं, तेव्हा अश्विनी उठली.

“सायेब, त्या करडाले अस्वलानं खाल्लं का हो?”

पाहुण्यांना काहीच कळेना. मुलं हसली. गुलाबरावांनी डोळे वटारले आणि पाहुण्यांना चहाला नेलं. शिपाई सहदेव माझी घडी करायला आला. मुलं उठली, अश्विनी बसूनच राहिली.

“ऊठ ना वं बाई. पाहुने गेले, मले घडी करू दे.”

“आधी करडाचं सांगा.”

सहदेवनं वंदनाबाईंकडे पाहिलं. बाईंनी कुणाला न विचारता त्याच्याकडून किल्ली घेऊन कपाट उघडलं. मुलं परत बसली. बाई वाचू लागल्या. गुहेतून दोन डोळे चमकले, आणि बाईंचं बोट पुढच्या शब्दाखाली थांबलं.

“अस्वल,” अश्विनी म्हणाली. सगळ्यांच्या आधी.

गुलाबराव परत आले होते. त्यांनी घाईनं मोबाईल काढला. “परत वाच बरं, व्हिडिओ काढून घेतो.”

पोरगी मिटून गेली. मला इतका राग आला!

“ठेवा तो, सर,” वंदनाबाई म्हणाल्या. “बसा खाली. गोष्ट संपली नाही अजून.”

मोबाईल खिशात घालून गुलाबराव माझ्या शेवटच्या पट्ट्यावर बसले. करडू गुहेत शिरलं. थोड्या वेळानं गुलाबरावही पुढे सरकले. डोळ्यांना दिसलं नसेल कुणाच्या, मला कळलं.

मित्रांनो, मला जपायचं म्हणून घडी करून ठेवू नका. अंथरा, बसा आणि कुणाला तरी गोष्ट वाचून दाखवायला सांगा. उरलेली कडही फाटू द्या.