कोशाचं नवं बाइंडिंग

"आधी डोळे मिटा," उस्तादांच्या बायकोने बजावलं आणि कोशाचा पहिला खंड त्यांच्या मांडीवर ठेवला.

"आत्ता कुठे डॉक्टरांनी उघडलेत, तर ही मिटायला सांगते," असं म्हणत उस्तादांनी डोळे मिटले. मोतीबिंदू काढून बरेच दिवस झाले होते आणि आज वाचायची परवानगी मिळाली होती.

जुन्या अरबीचा तो जाडजूड कोश. कुराणातला एखादा शब्द अडला की उस्ताद त्यात शिरायचे, आणि जेवायला हाका मारून बायकोचा घसा बसायचा. कोशाला ती 'माझी सवत' म्हणायची. जुने लोक तो शब्द कसा वापरत, कोणत्या आयतीत कोणता अर्थ बसतो, हे उस्ताद पानांच्या समासात पेन्सिलीने लिहीत. त्यांच्या वडिलांनीही तिथेच लिहिलेलं होतं. नजर सुधारली की ते सगळं एकत्र उतरवून काढायचं, या एका आशेवर त्यांनी ऑपरेशन करून घेतलं होतं. पण खंडांची पानं सुटायला आली होती. म्हणून त्यांच्या डोळ्यांवर पट्टी असताना तिने गुपचूप सवतीला नवे कपडे चढवले होते.

उस्तादांनी डोळे उघडले, कातडी पुठ्ठ्यावरून हात फिरवला. एक पान उलटलं, मग दुसरं. मग भराभरा उलटू लागले. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला.

"काय झालं हो? उलटं बांधलंय का?"

त्यांनी पान तिच्यापुढे धरलं. छापील मजकुराला खेटून कागद अगदी सफाईने कापलेला होता. समास उरलाच नव्हता.

चपला अडकवून ती तडक बाइंडरकडे गेली.

"कडा सारख्या करायला कापावंच लागतं, वहिनी," बाइंडर म्हणाला. "त्यात सगळी गिचमीड होती कडेला. म्हटलं, उस्तादांचं काम आहे, जरा जास्त घेऊ, स्वच्छ दिसेल."

"आणि कापलेल्या पट्ट्या?"

"त्या रद्दीत गेल्या. लगदासुद्धा झाला असेल एव्हाना." मग तिच्याकडे बघून त्याने हातातलं काम खाली ठेवलं. "मला कुणी सांगितलंच नाही हो."

तिच्या घरात पुस्तकाला कुणी कधी कात्री लावली नव्हती. त्यामुळे हे सांगावं लागतं, हेच तिला ठाऊक नव्हतं.

ती परतली तेव्हा उस्ताद तसेच बसले होते. तिच्या रिकाम्या हातांकडे त्यांनी पाहिलं. त्यांनी ओरडावं, असं तिला फार वाटलं.

"बांधणी मजबूत केलीय त्याने," ते म्हणाले.

"मला काहीतरी बोला ना."

"तुला काय बोलू?" त्यांनी खंड मिटून तिच्या हातात दिला. "कपाटावर ठेवून दे सगळे."

"कपाटावर? तिथे तुमचा हात पोचायचा नाही."

"हो," उस्ताद म्हणाले.